नेट कोण खातंय?

दर महिन्याच्या दुसऱ्या मंगळवारी अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर सकाळचे दहा वाजले, की मायक्रोसॉफ्ट विंडोजची सुरक्षा अपडेट सोडते. २००३ पासूनचा हा शिरस्ता. आपल्याकडे तेव्हा रात्र झालेली असते. सुप्यातल्या सेवा केंद्रातला कॉम्प्युटर ती उतरवायला घेतो बुधवारी सकाळी, नेमकी दाखल्यांची गर्दी असताना.

जूनमधल्या अशाच एका बुधवारी मी तिथे बसलो होतो. बारामतीच्या जिरायती पट्ट्यातलं हे गाव. वाड्यावस्त्यांवरची माणसं उत्पन्नाच्या दाखल्यासाठी, सातबाऱ्यासाठी आलेली. लाइन तुटल्यामुळे नेट मोबाइलच्या हॉटस्पॉटवर होतं. सातबाऱ्याची फाइल अर्धी उतरून अडकली.

“निघंना व्हय रं?” बाकावरच्या बाबांनी विचारलं.

“निघंल बाबा, नेट कोण खातंय बघतो,” म्हणत केंद्रचालकाने टास्क मॅनेजर उघडला आणि ‘नेटवर्क’ या रकान्यावर क्लिक केलं. खाणारे ओळीने वर आले. पहिली ‘डिलिव्हरी ऑप्टिमायझेशन’, म्हणजे विंडोजची अपडेट उतरवणारी सर्व्हिस. तिच्याखाली ‘बॅकग्राउंड इंटेलिजंट ट्रान्सफर सर्व्हिस’, म्हणजे बिट्स. तिच्याकडे इतर प्रोग्रामही आपली डाउनलोड सोपवतात.

या डाउनलोडमागच्या अपडेटरना खिडकी नसते. टास्क शेड्यूलर त्यांना ठरल्या वेळी उठवतो. ते सर्व्हरला विचारतात, नवी आवृत्ती असेल तर उतरवतात, डिजिटल सही तपासतात आणि मगच बसवतात. उदाहरणार्थ, क्रोम ब्राउझर नवी आवृत्ती वेगळ्या फोल्डरमध्ये ठेवतो. तो बंद करून पुन्हा उघडेपर्यंत जुनीच चालते. दिवसेंदिवस क्रोम उघडा ठेवणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावं.

बिट्स २००१ च्या एक्सपीपासूनची. पडून असलेलं नेट तेवढंच वापरायचं, ही तिची शिस्त. पण तिला सहसा दिसते फक्त आपल्या कॉम्प्युटरवरची वर्दळ. त्याच हॉटस्पॉटवर शेजारच्या लॅपटॉपवरून स्कॅन केलेली कागदपत्रं चढत होती, हे तिला कळायला मार्ग नाही. मोठ्या शहरातल्या फायबरवर हे जाणवत नाही. इथे जाणवतं.

वैतागून पुष्कळ जण या सर्व्हिस कायमच्या बंद करून टाकतात. हे मला अजिबात पटत नाही. २७ जून २०१७ ला नॉटपेट्या या घातक प्रोग्रामने उरणजवळच्या जेएनपीटी बंदरातलं मर्स्क समूहाचं टर्मिनल ठप्प केलं. तो ज्या वाटांनी पसरला, त्यांतली एक बुजवणारं विंडोजचं अपडेट १४ मार्चलाच आलं होतं. आणि मुळात तो शिरला युक्रेनमधल्या एका हिशेबाच्या सॉफ्टवेअरच्या अपडेटमधूनच! म्हणून यादीतला प्रत्येक अपडेटर कोणाचा आहे, हे माहीत असायला हवं. ओळखीचा नसेल तर त्यावर राइट क्लिक करून फाइल कुठल्या फोल्डरात आहे ते पाहावं, प्रॉपर्टीजमध्ये सही कोणाची ते वाचावं. वेबसाइटवर अचानक उगवणारं ‘आत्ताच अपडेट करा’ हे बटण तर दाबूच नये.

इकडे केंद्रचालकाने हॉटस्पॉट ‘मीटर्ड’, म्हणजे मोजक्या डेटाचा, असा ठरवून टाकला. त्याने विंडोजची बहुतेक डाउनलोड थांबतात. सातबारा निघाला. लाइन जोडली गेली की ती मीटर्ड नसल्याने राहिलेलं सगळं आपोआप उतरेल. ‘अॅक्टिव्ह अवर्स’मध्ये त्याने सकाळी आठ ते रात्री आठ टाकलं, म्हणजे गिऱ्हाईक समोर असताना मशीन आपणहून रीस्टार्ट होणार नाही. अपडेट बसत असताना लाईट गेली तर विंडोज बिघडू शकतं, त्यामुळे रीस्टार्ट तो इन्व्हर्टरची बॅटरी भरलेली पाहूनच देतो.