मुठे खोऱ्यातला मावळा आणि स्प्रेडशीटची सूत्रे

टेबलाभोवती बसून खेळल्या जाणाऱ्या रोल-प्लेइंग गेममध्ये प्रत्येक खेळाडू एका काल्पनिक पात्राची भूमिका घेतो, सूत्रधार प्रसंग उभा करतो आणि पात्राला ते साधले की नाही, याचा निकाल बहुधा फाशावर लागतो. गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन यांच्या 'डंजन्स अँड ड्रॅगन्स'ने १९७४ मध्ये या प्रकाराचा पाया घातला. पात्राचे आकडे सांभाळायला स्प्रेडशीट कामी येते; व्यक्तिगत संगणकावरची पहिली स्प्रेडशीट, व्हिजिकॅल्क, १९७९ मध्ये आली.

आजच्या मुळशी तालुक्यातील मुठा गाव ज्या खोऱ्यात आहे, ते मुठे खोरे बारा मावळांपैकी एक. तिथला एखादा मावळा खेळात उतरवायचा झाल्यास, 'डंजन्स अँड ड्रॅगन्स'च्या २०१४ च्या पाचव्या आवृत्तीनुसार त्याचे बळ, चपळाई, काटकपणा, बुद्धी, शहाणपण आणि छाप हे सहा गुण अंकांत मांडावे लागतात. गुणातून १० वजा करून निम्मे केले आणि अपूर्णांक खालच्या पूर्णांकावर आणला, की फाशावरच्या आकड्यात मिळवायची भर निघते. म्हणून बळ १६ असलेल्या मावळ्याला कडा चढताना ३ ची भर मिळते. गोची होते ती ९ या गुणाशी, कारण उणे अर्ध्याचा अपूर्णांक नुसता छाटणारे स्प्रेडशीटचे 'ट्रंक' हे सूत्र शून्य दाखवते, तर नियमाप्रमाणे हवे असलेले उणे १ 'इंट' देते.

स्प्रेडशीटचा खरा उपयोग पात्राची पातळी वाढताना कळतो. चौथ्या पातळीला काटकपणा १५ वरून १६ झाला, तर त्याची भर २ वरून ३ होते आणि हा फरक मागील पातळ्यांनाही लागू असल्याने प्राणबिंदू, म्हणजे मार सोसण्याची क्षमता, केवळ भरीपोटी एकदम ४ ने वाढतात. कागदावर ही मागची बाकी हमखास राहून जाते.

मात्र सगळेच सूत्रात बांधणे शहाणपणाचे नाही. सातबाऱ्यात हक्काची नोंद नमुना सातवर आणि दरवर्षीच्या पिकांची नमुना बारावर असते, तसे मूळ गुण एका पानावर आणि लढाईत घटणारे प्राणबिंदू दुसऱ्या पानावर ठेवावेत, सूत्रांचे कप्पे कुलूपबंद करावेत. फासाही शीटकडून टाकून घेता येतो, पण तो हातानेच टाकलेला बरा. बेरीज यंत्राने करावी, धाकधूक खेळाडूंची असावी.