उणे आठचे घनमूळ

(−८) चा १/३ वा घात म्हणजे −८ चे घनमूळ, अर्थात −२; कारण −२ चा घन −८ होतो. आता १/३ ऐवजी तेवढ्याच किमतीचा २/६ लिहा. आधी वर्ग केला तर ६४, आणि त्याचे सहावे मूळ +२! अपूर्णांक तोच, मग उत्तर वेगळे का? वर्ग करताच उणे चिन्ह पुसले गेले.

म्हणून पाया ऋण असेल तर घातांकाला आधी अतिसंक्षिप्त रूप द्यावे, मग छेद पाहावा. छेद विषम असेल तर वास्तव उत्तर मिळते. सम असेल तर मिळत नाही, कारण वास्तव संख्येचा सम घात कधीच ऋण नसतो. तिथून पुढे संमिश्र संख्यांचे विलक्षण जग सुरू होते. त्या जगात −८ ला एक नव्हे, तीन घनमुळे आहेत.