राजूरची अभिनेत्री

जानेवारी २०१९ मध्ये यवतमाळला ९२वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरले. नयनतारा सहगल यांना दिलेले उद्घाटनाचे निमंत्रण मागे घेतले गेले, वादळ उठले आणि अखेर तो मान कळंब तालुक्यातील राजूरच्या वैशाली येडे यांच्याकडे आला. बहुतेक बातम्यांत त्यांची ओळख एकच होती: आत्महत्याग्रस्त शेतकऱ्याची पत्नी. श्याम पेठकर यांनी लिहिलेल्या आणि हरीश इथापे यांनी बसवलेल्या ‘तेरवं’ या नाटकात त्या काम करतात, ही गोष्ट आलीच तर शेवटच्या ओळीत. माझ्या मते ती पहिल्या ओळीत यायला हवी होती. भरल्या मंडपासमोर न डगमगता बोलण्याचे श्रेय आपण त्यांच्या सोसण्याला दिले. त्यातले थोडे तरी रंगमंचाचे आहे.

या नाटकात त्या स्वतःचेच जगणे मांडतात, मग हा अभिनय कसा, असे कोणी विचारील. पण घरातले रडू वेळ पाहून येत नाही. रंगमंचावर ते ठरल्या वाक्याला यावे लागते, शेवटच्या रांगेपर्यंत पोचावे लागते, समोरच्याचे वाक्य सुरू होताच आवरावे लागते आणि पुढच्या प्रयोगात पुन्हा तितकेच खरे वाटावे लागते. नागपूरचे आंबेडकरी कार्यकर्ते, ‘विद्रोही’चे संपादक वीरा साथीदार यांनी चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’मध्ये (२०१४) शाहीर नारायण कांबळे उभा केला. भूमिका त्यांच्या आयुष्याला अगदी लागून होती, तरी त्यांना नट म्हणताना कोणी अडखळले नाही. तिथे तर रिटेक होता, संकलकाची कात्री होती. फरक पडला तो बहुधा व्हेनिसच्या पारितोषिकाने आणि राष्ट्रीय पुरस्काराने.

याचा अर्थ भोगलेल्यानेच भोग दाखवावेत असा नाही. सतीश मनवर यांच्या ‘गाभ्रीचा पाऊस’मध्ये (२००९) नवरा जीव देईल या धास्तीने मुलाला त्याच्या पाळतीवर ठेवणारी अलका सोनाली कुलकर्णी यांनी केली, किसना गिरीश कुलकर्णी यांनी. दोघांनीही परक्या दुःखापर्यंतचे अंतर कापले. येडे यांना उलटे करावे लागते: आपल्याच दुःखापासून अंतर तयार करायचे. पहिल्याला कसब म्हणायचे आणि दुसऱ्याला निव्वळ अनुभव, हा न्याय मला पटत नाही.

आत्महत्याग्रस्त शेतकऱ्यांच्या बायकांना रंगमंचावर उभे करणे म्हणजे दुःखाचे प्रदर्शन, हा आक्षेप अधिक गंभीर आहे. धोका खराच आहे. मात्र जिला आपण कलावंत मानतो तिच्या मानधनाची, तालमीची, भूमिका नाकारण्याच्या हक्काची चर्चा होऊ शकते; जी फक्त पीडित ठरते, तिच्या वाट्याला शाल-श्रीफळ येते. संमेलनाच्याच वर्षी येडे यवतमाळ-वाशीममधून ‘प्रहार’ पक्षातर्फे लोकसभेला उभ्या राहिल्या आणि हरल्या. प्रचारातही त्यांची जुनीच ओळख पुढे होती.