गहू अमेरिकेचा, बी आपल्या ट्रॉलीत

बांधावरच्या गाजरगवताकडे बोट दाखवले की समोरचा हमखास सांगतो, "अमेरिकेनं पीएल-480 च्या गव्हातून पाठवलं. तेही मुद्दाम. काँग्रेस गवत नाव उगाच पडलं का?" एवढे बोलून तो तंबाखू मळायला मोकळा होतो. गवत तिथेच उभे.

आता तारखा पाहू. पीएल-480 हा अमेरिकेचा धान्य-मदतीचा कायदा 1954 चा. त्याखाली भारताशी पहिला करार झाला ऑगस्ट 1956 मध्ये. वनस्पतिशास्त्रज्ञ आर. एस. राव यांना हे झाड पुण्यात दिसले 1955 मध्येच. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात त्यांनी तशी नोंद केली. म्हणजे करारावर सही होण्याआधीच पाहुणा पुण्यात मुक्कामाला होता. याहून जुना पुरावा हवा? विल्यम रॉक्सबर्गच्या 'हॉर्टस बेंगालेन्सिस' या 1814 च्या यादीत, कोलकात्याच्या वनस्पती उद्यानातल्या झाडांमध्ये, पार्थेनियमचे, म्हणजे या गाजरगवताचेच, नाव आहे. आयात धान्यातून बी आलेच नसेल, असे मी म्हणत नाही. अमेरिकेचा गहू कराराआधीही, 1951 पासून, येत होता आणि धान्यात तणाचे बी मिसळून येणे नवीन नाही. पण 'मुद्दाम' या शब्दाला आधार काय, हे कोणी सांगत नाही.

आणि समजा, गव्हातूनच आले. सत्तर वर्षांपूर्वीचे जहाज यंदा तुमच्या बांधावर बी टाकायला येत नाही. एक जोमदार झाड पंधरा ते पंचवीस हजार बिया देते. त्या पाटाच्या पाण्यातून वाहतात, मुरमाच्या ट्रॉलीतून येतात, मळणीयंत्राला चिकटतात आणि न कुजलेल्या शेणखताबरोबर आपण स्वतः त्या रानभर पसरतो. अमेरिकेला शिव्या घालताना हातातले घमेले कशाचे आहे, तेवढे बघावे.

बाकीचे गैरसमज थोडक्यात:

"हे गवत आहे." नाही, हे सूर्यफुलाच्या कुळातले झाड आहे. कोवळेपणी पाने जमिनीलगत चक्रासारखी पसरतात, गाजराच्या पाल्यासारखी चिरलेली. शेवंतीचे रोप समजून लोक ते राखतात! फूल बारीक, पांढरे, पाच कोनांचे. प्रत्येक फुलात पाच बिया.

"वरून कापले की संपले." बुडख्यातून पुन्हा फुटते. पाऊस पडून जमीन ओली असताना मुळासकट उपटा.

"खड्ड्यात टाकले की खत." फुलण्याआधी उपटलेल्याचे होते. फुललेल्याचे खत नीट तापले नाही, तर बी जिवंत राहून शेतात परत येते.

"हात लागला की अंगावर उठते." सगळ्यांच्या नाही. ॲलर्जी बहुधा वारंवार संपर्काने येते. पण एकदा आली की त्वचेचा दाह आणि दमा पिच्छा सोडत नाहीत. म्हणून हातमोजे घाला आणि तोंडाला रुमाल बांधा.

"मिठाचे पाणी मारा." मरते खरे, पण मीठ जमिनीतच राहते. पिकाच्या रानात हा उद्योग नको.

"मेक्सिकन भुंगा सूर्यफूल खातो." हा झायगोग्रामा भुंगा गाजरगवत खाऊन आटोक्यात आणावे म्हणून 1983 मध्ये भारतात आणला गेला. पुढे तो सूर्यफुलावर दिसला आणि बोंबाबोंब झाली. तपासात आढळले की, गाजरगवताचे परागकण पडलेली पानेच त्याने कुरतडली होती. त्याचे मुख्य अन्न गाजरगवतच. मात्र पावसाळा सरला की तो जमिनीत दडी मारतो. सगळा भार त्याच्यावर टाकू नका.

"तणनाशकाने रान एकदम साफ होते." ग्लायफोसेट गाजरगवताबरोबर त्याला दाबणारी झाडेही मारते, मग मोकळ्या जागेवर पहिला हक्क पुन्हा त्याचाच. त्यापेक्षा पडीक जागेत पावसाआधी टाकळ्याचे बी फेका. दाट टाकळ्याखाली गाजरगवताला ऊन मिळत नाही.

गहू कोणी पाठवला, हा वाद थंडीत शेकोटीपाशीही घालता येईल. उपटायला मात्र उगवल्यापासून फूल येईपर्यंत, जेमतेम महिनाभराचा वेळ मिळतो.