ढालीवर बंदी कशासाठी?

मॉस्कोत 1972 साली अमेरिकेचे अध्यक्ष निक्सन आणि सोव्हिएत नेते ब्रेझनेव्ह यांनी करार करून प्रतिक्षेपणास्त्र यंत्रणांवर (येणारे क्षेपणास्त्र वाटेतच पाडणाऱ्या) मर्यादा घातली. तलवारी ठेवून ढाली काढल्या, हा वेडेपणाच, असे अनेकांना वाटते. पण बांधावरून भांडणाऱ्या दोघांच्या हाती काठ्या असताना एकाने हेल्मेट चढवले, तर दुसऱ्याला तो बचाव वाटत नाही, हल्ल्याची तयारी वाटते. तो आणखी जाड काठी शोधतो. बचावात गैर काय, हा आक्षेप वाजवी आहे. खुद्द सोव्हिएत पंतप्रधान कोसिगिन यांनी 1967 मध्ये तो घेतला होता! मात्र ढाल भेदायला जादा अण्वस्त्रे पुरतात आणि ती तुलनेने स्वस्त पडतात. करारानुसार प्रत्येक देशाला दोन ठिकाणी यंत्रणेची मुभा होती, 1974 नंतर एकाच. 2002 मध्ये अमेरिका करारातून बाहेर पडली.