संस्थळाचें नांव कसें वाचावें

धारूरसारख्या डोंगराळ तालुक्यांत सौरपंपाची ओढ मोठी, आणि ठक या ओढीचाच फायदा घेतात. केंद्र सरकारची कुसुम योजना सन २०१९ मध्यें निघाली. लागलीच तिच्या नांवाचीं बनावट संस्थळें निघून नोंदणीच्या मिषानें पैसे उकळण्यांत येऊं लागले. नवीन व नवीकरणीय ऊर्जा मंत्रालयास वारंवार इशारे द्यावे लागले. आमच्या भावकींतील एका गृहस्थांनींहि असेच पैसे भरले. पंप आला नाहीं. सबब हा लेख.

महसूल खात्यांत आमचा जन्म पत्ते वाचण्यांत गेला. पत्त्यांत आधीं घर, मग गांव, मग ता. धारूर व शेवटीं जि. बीड असें लिहितात. टपालवाले मात्र तो शेवटाकडून वाचतात. संस्थळाचें नांवहि तसेंच वाचावें. आरंभींच्या जोडरेघा सोडून पुढें पहिली तिरपी रेघ येते, तेथपर्यंतच पत्ता समजावा. रेघेपुढें मालक वाटेल तें लिहूं शकतो.

अगदीं शेवटीं ‘जीओव्ही डॉट इन’ असेल तर संस्थळ सरकारी समजावें. हा शेवट खाजगी इसमास मिळत नाहीं. ‘डॉट कॉम’, ‘डॉट नेट’ किंवा नुसतें ‘डॉट इन’ हे शेवट थोडे पैसे भरून कोणासहि घेतां येतात. मंत्रालयानें बनावट म्हणून जाहीर केलेलें एक नांव ‘कुसुमयोजनाऑनलाइन डॉट इन डॉट नेट’ असें होतें. घाईंत ‘इन’ तेवढें दिसतें. शेवट मात्र ‘नेट’ आहे. दुसऱ्या एका नांवांत ‘कुसुम’चें ‘कुसम’ केलेलें होतें. दारावर ‘कलेक्टर कचेरी’ अशी पाटी लाविल्यानें घराची कचेरी होत नाहीं.

तथापि महाऊर्जेचें संस्थळ ‘डॉट कॉम’ व महावितरणाचें नुसतें ‘डॉट इन’ असूनहि तीं खरीं आहेत. म्हणून शेवट सरकारी नसल्यास तें खोटेंच असें न मानतां, तालुक्याच्या कचेरींत विचारून खात्री करावी. पैसे मागितले एवढ्यावरूनहि निर्णय होत नाहीं, कारण खऱ्या योजनेंतहि शेतकऱ्यास आपला हिस्सा भरावा लागतो. नांवाशेजारील कुलुपाची खूण वाटेंतील चोरीपासून राखते; घर कोणाचें हें ती सांगत नाहीं.

इतकेंहि करून फसगत झाल्यास लाज न धरितां तत्काळ १९३० या दूरध्वनीवर कळवावें. वेळींच कळविल्यास रक्कम मध्येंच अडविण्याचा संभव असतो. विलंबानें ती हातची जाते.