घरबसल्या नोकरी आणि भाड्याचे टेबल : काम गावात येईल काय?



ऊस नोंदीसाठी आमच्या शेतकी विभागात आलेल्या एका वयोवृद्ध सभासदांनी मागे आम्हाला एक प्रश्न विचारला. त्यांचा नातू 2020 च्या टाळेबंदीत पुण्याहून गावी आला आणि दीड वर्ष माडीवर बसून कंपनीचे काम करीत होता. आजोबा म्हणाले, "पोरगं दिवसभर त्या डबड्यासंग बोले, अन् पगार पुण्याचा ये. मंग कंपनीनं बलावलं, तं निंगून गेलं. काम घरून होत होतं, तं पुन्हा बलावलं काहून?"

प्रश्न एका आजोबांचा असला तरी उमरखेड, महागाव, पुसद या आपल्या ऊसपट्ट्यातील पुष्कळ घरांचा आहे. शिकलेले पोर बाहेर, वावर ठोक्याने किंवा बटईने दिलेले आणि घरात दोन म्हातारी माणसे, हे चित्र आता नवे राहिलेले नाही. म्हणून या विषयाची थोडी फोड करण्याचे आम्ही योजिले आहे.

कारखाना उसाजवळच का?

आपण सारे जाणतो की, ऊस तुटल्यावर तो लवकरात लवकर गव्हाणीत पडला पाहिजे. उशीर झाला की वजन घटते, साखर उतरते. शिवाय ऊस जड. दहा टन ऊस वाहावा तेव्हा जेमतेम टनभर साखर हाती येते. म्हणून कारखाना उसाजवळ उभारावा लागतो आणि माणसे कारखान्याजवळ येतात. मालाच्या वजनावर कामाची जागा ठरते, हा जुना नियम आहे.

कचेरीच्या कामाचा माल म्हणजे कागद. फाईल एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर जायची, म्हणून टेबले एका इमारतीत आणि माणसे त्या शहरात. मुंबई वाढली, पुणे वाढले, त्यामागे हेही एक कारण आहे. पण फाईल संगणकात गेली आणि तिचे वजनच गेले. ती क्षणात हिंजवडीहून महागावला येते आणि परत जाते. मग माणसाने फाईलकडे का जावे, फाईलनेच माणसाकडे का येऊ नये? 'घरून काम' या साऱ्या प्रकाराचे मूळ एवढेच आहे.

विचार तसा जुना आहे. अमेरिकेत जॅक निलेस यांनी 1973 सालीच ही कल्पना मांडली होती. त्याच वर्षी तेलाची टंचाई झाली, तेव्हा माणसांना रोज मोटारीने कचेरीत नेण्यापेक्षा तारेवरून काम त्यांच्याकडे पाठवावे, हा विचार तिकडे अनेकांना पटला. परंतु सवय मोडत नव्हती. ती मोडली 25 मार्च 2020 रोजी आपल्या देशात लागलेल्या टाळेबंदीने. कचेऱ्यांना कुलपे लागली, तरी संगणकाचे बरेचसे काम थांबले नाही. परदेशी ग्राहकांची कामे फोनवरून करणाऱ्या केंद्रांना घरून काम करण्यात दूरसंचार खात्याच्या नियमांची अडचण होती. ते नियम सरकारने नोव्हेंबर 2020 मध्ये बरेच सैल केले.

मग परत का बोलावले?

आता आजोबांच्या प्रश्नाकडे वळू. देशातील मोठ्या कंपन्यांपैकी टीसीएसने 2020 साली जाहीर केले होते की, 2025 पर्यंत चौथा हिस्सा कर्मचारी कचेरीत असले तरी भागेल. त्याच कंपनीने 2023 च्या ऑक्टोबरपासून लोकांना आठवड्याचे पाचही दिवस कचेरीत बोलावले. एवढा पालट का झाला?

एक कारण आपल्याला आपल्याच गळीत हंगामात दिसते. नवा पॅनमन साखरेचा दाणा कधी धरला हे पुस्तकातून शिकत नाही, तो जुन्या पॅनमनच्या शेजारी उभा राहून शिकतो. संगणकाच्या कामातही नवख्याला जुन्याची सोबत लागते. दुसरे कारण विश्वासाचे. साहेबाला माणूस डोळ्यापुढे नसला की तो काम करतो की नाही, ही शंका राहते. तिसरे कारण, बँकेची किंवा दवाखान्याची गुप्त माहिती कोणाच्याही घरी उघडी ठेवता येत नाही. आणि कचेऱ्यांच्या मोठमोठ्या इमारतींचे भाडे चालूच असते, हेही विसरून चालणार नाही.

तथापि, सारेच परत गेले असे नाही. अनेक कंपन्यांनी मधला मार्ग धरला : काही दिवस कचेरी, काही दिवस घर. लहान कंपन्या आणि परदेशी कामे घेणारी स्वतंत्र माणसे तर घरूनच काम करतात. तामिळनाडूत झोहो या कंपनीने तिसरीच वाट धरली. तेनकाशीजवळच्या मथलंपराई या खेड्यात तिने 2011 साली कचेरीच थाटली. पोरे एकत्र बसतात, जुन्याजवळ नवे शिकते, आणि संध्याकाळी आपल्या घरी जेवायला जातात.

भाड्याचे टेबल

घरून काम करणाऱ्यांची एक अडचण आमच्या लक्षात आली. घरात पाहुणे, लेकरांचा गलका, दाराशी गाय हंबरते आणि तिकडे साहेब बोलत असतो. दिवसभर एकटेपणही येते. आणि स्वतःची कचेरी थाटणे परवडत नाही. यातून 2005 साली अमेरिकेतील सॅन फ्रान्सिस्को शहरात ब्रॅड न्यूबर्ग या तरुणाने सामाईक कामाची जागा सुरू केली. त्यालाच 'को-वर्किंग' म्हणतात. टेबल, खुर्ची, वीज, इंटरनेट आणि चहा. दिवसाचे किंवा महिन्याचे भाडे द्यावे आणि बसावे. वेगवेगळ्या कंपन्यांची माणसे एका छताखाली.

यात आपल्याला नवल वाटण्याचे कारण नाही. यवतमाळला, पुसदला स्पर्धा परीक्षेच्या पोरांसाठी महिनेवारी भाड्याच्या अभ्यासिका आहेतच. फरक एवढाच की, तिथे पोर नोकरीसाठी अभ्यास करते आणि इथे नोकरीच करते. आणि तत्त्व तर आपलेच आहे. एकट्या कास्तकाराला गव्हाण, मिल, बॉयलर घेणे शक्य नव्हते, म्हणून आपण भाग जमवून सर्वांचा कारखाना उभा केला.

पण यातला धोकाही ध्यानी घ्यावा. वीवर्क ही 2010 साली न्यूयॉर्कमध्ये निघालेली कंपनी या धंद्यात जगभर पसरली आणि नोव्हेंबर 2023 मध्ये तिला अमेरिकेत दिवाळखोरीचा अर्ज करावा लागला. तिने इमारती वर्षानुवर्षांच्या कराराने घेतल्या आणि टेबले मात्र महिन्या-महिन्याने दिली. गिऱ्हाईक गेले, भाडे राहिले. उसाची नोंद नसताना गाळपक्षमता वाढवून ठेवण्यासारखेच हे झाले.

वारणेचा धडा

सहकारी साखर कारखान्याचा आणि संगणकाचा संबंध काय, असे कोणी म्हणेल. 1998 साली कोल्हापूर जिल्ह्यातील वारणानगरला सरकारच्या साह्याने सुमारे सत्तर गावांत संगणक केंद्रे उभारली गेली. उसाची नोंद, तोडीची पाळी, वजन, बिल हे सभासदाला गावातच कळावे, हा हेतू. काम झाले, पण संगणकाचा उपयोग मुख्यतः तेवढ्याच माहितीपुरता राहिला आणि यंत्रे सांभाळणे जड जाऊ लागले. 2007 च्या सुमारास तेच काम मोबाइलच्या संदेशावर करून पाहण्यात आले आणि ते स्वस्तात होते असे दिसले. धडा असा की, आधी गरज मोजावी, मग यंत्र आणावे.

आपल्याकडे काय जमेल?

गावात दहा जणांनी बसून काम करायचे तर काय लागते? हिशेब करून पाहू. एक लॅपटॉप साधारण 65 वॅट वीज घेतो. दहांचे झाले 650 वॅट. पंखे, दिवे, इंटरनेटची पेटी धरून एक किलोवॅटच्या आसपास. आपला पाच अश्वशक्तीचा पंप पावणेचार किलोवॅट घेतो. म्हणजे दहा नोकऱ्यांची वीज एका पंपाच्या तिसऱ्या हिश्शाहूनही कमी! अडचण विजेच्या मापाची नाही, ती मध्येच जाण्याची आहे. बैठक चालू असताना लाईन गेली की नोकरीवर येते. म्हणून इन्व्हर्टर हवाच आणि इंटरनेट दोन वेगवेगळ्या कंपन्यांचे हवे. एक बंद पडले तर दुसरे.

ग्रामपंचायतीपर्यंत काचतंतूची केबल नेण्याची योजना केंद्राने 2011 साली मंजूर केली; तीच आज भारतनेट. आपल्या गावची केबल चालू आहे की नुसतीच पुरलेली आहे, हे पंचायतीत जाऊन पाहावे. जागेचा प्रश्न कठीण नाही. पुष्कळ सेवा सोसायट्यांची इमारत अर्धी रिकामी असते. सोसायट्यांच्या संगणकीकरणाची योजना जून 2022 मध्ये मंजूर झाली आणि 2023 पासून सोसायट्यांना सामाईक सेवा केंद्र चालविण्याची वाट मोकळी झाली. त्याच खोलीशेजारी चार टेबले टाकता येतील. आरंभ चारानेच करावा, चाळिसाने नव्हे.

यात आमच्या डोळ्यांपुढे विशेषकरून मुली आणि सुना आहेत. पदवी घेऊन लग्नानंतर घरी बसलेल्या कित्येक सुना आपल्या गावांत आहेत. त्यांना पुण्याला पाठविणे जमत नाही, पण गावातल्या सोसायटीत जाणे जमेल. हिशेब लिहिणे, शिकवणी घेणे, भाषांतर, ग्राहकांच्या तक्रारी ऐकणे अशी कामे त्यांना मिळू शकतात. आणि पगार गावात आला की तो गावच्या दुकानात फिरतो, म्हाताऱ्याला रात्री दवाखान्यात न्यायला घरात माणूस असते.

मात्र भ्रम नसावा. ऊस तोडणे, मोळी बांधणे, बॉयलर चालविणे ही कामे पडद्यावर होणार नाहीत. ज्याच्या हातात कौशल्य नाही त्याला टेबल मिळाले म्हणून नोकरी मिळणार नाही.

सावध राहा

'घरबसल्या टायपिंग करा, महिना हजारो कमवा, आधी नोंदणीचे पैसे भरा' असे संदेश मोबाइलवर येतात. खरी नोकरी देणारा पैसे देतो, मागत नाही, ही एकच खूण पक्की ध्यानात ठेवावी. फसवणूक झालीच तर लाजून गप्प बसू नये. ताबडतोब 1930 या क्रमांकावर फोन करावा. जितक्या लवकर कळवावे तितके पैसे अडविणे सोपे जाते.

त्या आजोबांना आम्ही हेच सांगितले की, तुमच्या नातवाला कंपनीने बोलावले ते एका दिवसात बदलणार नाही. पण आठवड्याचे दोन दिवस का होईना त्याला गावाहून काम करता यावे, एवढी वीज, एवढी लाईन आणि एवढी शांत खोली आपण देऊ शकतो काय? आजोबा म्हणाले, "खोली तं सोसायटीची रिकामीच हाय."

सभासदांनी आपल्या सोसायटीच्या येत्या सर्वसाधारण सभेत हा विषय जरूर मांडावा. सभेला जाण्यापूर्वी गावातील किती पोरे-पोरी अशा नोकरीत आहेत आणि जागा मिळाल्यास किती जण येऊन बसतील, याची यादी करावी. नोंद आधी आणि गाळप नंतर, हे आपणास वेगळे सांगायला नको.